पहिल्या सभेच्या आधी वाजणारा वॉल्टर

आकाशवाणीचं केंद्र पहाटे एकदम बोलायला लागत नाही. आधी तंबोरा झंकारतो. मग त्याच्यावर व्हायोलिनची एक लकेर येते, संपते, जरा थांबून पुन्हा तीच येते. असं काही वेळ चालतं. मग ‘वंदे मातरम्’, मग निवेदकाचा आवाज, मग मंगलध्वनीतली सनई, आणि सकाळची पहिली सभा सुरू.

नागपूरचं केंद्र 1948 साली सुरू झालं. त्याच सुमारास शहराच्या उत्तरेला, इंदोऱ्याला लागून, जरीपटक्यात सिंधमधून उठून आलेल्या कुटुंबांची वसाहत उभी राहत होती. पुढे वर्षानुवर्षं सिव्हिल लाइन्समधून निघालेली ही लकेर त्या घरांत दाल पकवानाच्या वासाआधी पोचायची. ती बांधणारा माणूसही राहतं घर सोडून, जीव वाचवायला दुसऱ्या मुलखात आलेला होता, हे तिथे कुणाला कळायचं कारण नव्हतं. केंद्राची ओळखधून लावताना संगीतकाराचं नाव सांगायची पद्धत नसते.

त्याचं नाव वॉल्टर कॉफमन. काही जण या धुनेसाठी ठाकूर बलवंतसिंह यांचं नाव घेतात, काही जॉन फोल्ड्सचं. पण बहुतेक जाणकारांचा कौल कॉफमनकडेच आहे. धुनेचा काळ 1936 च्या आसपासचा. ‘ऑल इंडिया रेडिओ’ हे नावही त्याच वर्षीच्या जूनमधलं. म्हणजे संस्थेचं नाव आणि तिचा सूर जवळजवळ एकाच वयाचे.

कॉफमन 1 एप्रिल 1907 रोजी कार्ल्सबादला जन्मला. आज हे गाव चेक प्रजासत्ताकात आहे आणि त्याला कार्लोव्ही व्हारी म्हणतात. तेव्हा तिथली भाषा जर्मन होती, आणि कॉफमनच्या ज्यू घरातलीही. गाव गरम पाण्याच्या झऱ्यांचं. युरोपभरचे श्रीमंत लोक पोट सुधारायला तिथे येत, सकाळी हातात पेला घेऊन झऱ्याकाठी फिरत, आणि त्यांच्यासाठी सकाळीच वाद्यवृंद वाजत असे. त्या गावचा वाद्यवृंद योसेफ लाबिट्स्कीने 1835 मध्ये उभा केला, आणि त्याचे वॉल्ट्‌झ सगळ्या खंडात गाजले. सकाळी उठून, अर्धवट लक्ष देऊन ऐकायचं संगीत ही त्या गावची जुनी परंपराच. पुढे जे घडलं त्याच्याशी हे इतकं छान जुळतं की कादंबरीत कुणी लिहिलं असतं तर मी नाक मुरडलं असतं.

पोरगा शिकायला बर्लिनला गेला. रचना शिकला फ्रांझ श्रेकरकडे, संगीतशास्त्र कुर्ट झाक्सकडे. हे झाक्स म्हणजे साधं नाव नव्हे. त्यांनी एरिक फॉन हॉर्नबॉस्टेलबरोबर 1914 मध्ये जगातल्या सगळ्या वाद्यांचं वर्गीकरण मांडलं आणि जगभरची संग्रहालयं आजही तेच वापरतात. त्या वर्गीकरणाचा पाया बेल्जियमच्या माइयाँने घातला होता, आणि माइयाँने तो घेतला होता आपल्याकडून: भरताच्या नाट्यशास्त्रातली तत, सुषिर, अवनद्ध आणि घन वाद्यं. कॉफमन मुंबईला पोचण्याच्या कितीतरी आधी भरतमुनी बर्लिनच्या वर्गात पोचलेले होते.

पण श्रेकर आणि झाक्स यांच्या तासांनी पोट भरत नाही. पोटासाठी कॉफमन ऑपेरेटांचे वाद्यवृंद चालवत असे, आणि इथेच त्या काळच्या जर्मन सुगम संगीताचा खरा कारखाना दिसतो. बर्लिनमधून जर्मनीचं पहिलं रेडिओ प्रसारण 29 ऑक्टोबर 1923 ला झालं. त्यानंतर रोज, तासामागून तास, संगीत लागायला लागलं. हॉटेलांना लागत होतं, कॅफेंना लागत होतं, बोलपट आल्यावर त्यांनाही. मोठ्या वाद्यवृंदासाठी लिहिलेलं संगीत सात-आठ वादकांच्या हाती द्यायचं, तेही ओकंबोकं न वाटू देता, हे अरेंजरचं काम. जर्मन प्रकाशकांनी त्याची युक्ती शोधलेली होती. वादकाच्या कागदावर त्याच्या सुरांबरोबर शेजाऱ्याचे सूर बारीक टायपात छापलेले असत. आज ओबो वाजवणारा आला नाही? मग त्याची ओळ दुसऱ्या व्हायोलिनवाल्याने उचलायची. खानावळीत चार पाहुणे जास्त आले की वरणात पाणी वाढवतात, तसं हे संगीत हजेरी बघून वाढवता-घटवता यायचं. आणि न आलेल्या सगळ्या फुंकवाद्यांची जागा भरायला बसलेली असे, ऐकून हसू येईल, आपली पेटी. सलोन ऑर्केस्ट्रात हार्मोनियम हे हक्काचं वाद्य होतं.

1933 च्या जानेवारीत हिटलर सत्तेवर आला आणि हा कारखाना काही महिन्यांत उधळला गेला. त्यातले कितीतरी चांगले हात ज्यू होते. ‘ब्लू एंजल’ या 1930 च्या बोलपटाची गाणी रचणारा फ्रीडरिश होलेंडर आणि त्यांची वाद्यरचना करणारा फ्रांझ वॅक्समन दोघेही शेवटी हॉलिवूडला गेले. मिशा स्पोलियान्स्की लंडनला गेला. कवीला परदेशात भाषा आड येते, वकिलाला कायदा आड येतो. अरेंजरला मात्र पाच रेघांचा कागद मिळाला की कुठेही काम करता येतं. कॉफमनने प्रागच्या जर्मन विद्यापीठात प्रबंध लिहिला होता, पण आपले मार्गदर्शक नाझी आहेत हे कळल्यावर त्याने पदवीच नाकारली. आणि 1934 च्या फेब्रुवारीत तो मुंबईला उतरला.

इथल्या संगीताच्या ज्या रेकॉर्डी त्याने पहिल्यांदा ऐकल्या, त्या त्याला अजिबात कळल्या नाहीत. हे त्याने स्वतःच लिहून ठेवलं आहे. पुढचा त्याचा विचार मला फार आवडतो. हे संगीत शहाण्या, भावनाशील माणसांनी केलेलं आहे आणि लाखोंना ते आवडतं. तेव्हा उणीव ऐकणाऱ्यात असणार. त्याच काळात इथे आलेल्या किती युरोपियनांनी नेमका उलटा निष्कर्ष काढला होता!

महालक्ष्मीच्या रेवा हाउसमध्ये बिऱ्हाड करून त्याने काही महिन्यांतच ‘बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी’ काढली. विलिंग्डन जिमखान्यात तिच्या मैफली व्हायच्या. पियानोवर तो स्वतः, व्हायोलिनवर मेहली मेहता. हे मेहता म्हणजे झुबिन मेहतांचे वडील. पहिल्या तीन वर्षांत शंभराहून जास्त मैफली झाल्या, यावरून माणसाच्या कामाचा झपाटा कळतो. 1937 पासून तो मुंबई रेडिओवर पाश्चात्त्य संगीत विभागाचा प्रमुख होता. शिवाय मोहन भवनानींच्या चित्रपटांसाठी काम. भवनानी सिंधमधल्या हैदराबादचे, आणि चित्रपटाचं तंत्र शिकलेले जर्मनीत. भवनानी हे आडनाव जरीपटक्यात कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

जाता जाता एक गोष्ट सांगायचा मोह आवरत नाही. त्याच वर्षांत, आजच्या पश्चिम रेल्वेच्या त्याच लोकलमार्गावर मालाडला, बॉम्बे टॉकीजमध्ये फ्रांझ ऑस्टेन ‘अछूत कन्या’ दिग्दर्शित करत होता. ऑस्टेन जर्मन आणि नाझी पक्षाचा सदस्य. महालक्ष्मीला नाझींपासून पळालेला संगीतकार, मालाडला नाझी पक्षाचा दिग्दर्शक, आणि दोघांचं पोट हिंदी सिनेमावर.

आता धुनेकडे येऊ. ओळखधून बांधणं किती अडचणीचं काम आहे हे कळायला तेव्हाचा रेडिओ डोळ्यांपुढे आणावा लागतो. वाल्व्हचा सेट लावला की तो तापेपर्यंत आवाज येत नसे. मग काटा फिरवून केंद्र पकडायचं, खरखर कमी होईल अशी नेमकी जागा शोधायची. श्रोत्याला या झटापटीला वेळ मिळावा म्हणून केंद्र आधीच काहीतरी वाजवत ठेवी. म्हणजे ही धून कुठूनही कानावर पडली तरी चटकन ओळखू यायला हवी, तिला ठाशीव शेवट नको, कारण ती पुन्हा लागणार आहे, आणि रोज ऐकून कंटाळा यायला नको. त्यात मध्यम लहरींवर चार-पाच हजार हर्ट्झच्या वरचं फारसं काही घरापर्यंत पोचत नाही आणि छोट्या स्पीकरमधून खर्जातलं ऐकूच येत नाही. मधल्या पट्टीत जे टिकेल तेच खरं. व्हायोलिनची सगळ्यात खालची तार 196 हर्ट्झला बोलते, तिथून वरचे एक-दोन हजार हर्ट्झ हा तिचा मुख्य मुलूख. खरखरीतून वर येणारा आवाज तोच. रेडिओसाठी लिहिणाऱ्याला हे हिशेब बोटांवर यावे लागतात.

स्वर घेतले ते शिवरंजनीचे: सा, रे, कोमल ग, प, ध. पाचच. मध्यम नाही, निषाद नाही. पाश्चात्त्य पद्धतीने शिकलेल्या माणसाच्या दृष्टीने ही निवड म्हणजे हात बांधून घेणं आहे. का, ते बघण्यासारखं आहे.

युरोपच्या हार्मनीत सगळी ओढ एका स्वरसमूहातून येते: प, शुद्ध नी, रे आणि शुद्ध म एकदम वाजवायचे. यातला नी वरच्या ‘सा’कडे जायला उतावीळ असतो आणि म खाली गंधारावर उतरायला. दोघे मिळून कानाला अस्वस्थ करतात, मग सा-ग-प वाजले की हायसं वाटतं. मोत्सार्टपासून कॅफेतल्या वॉल्ट्‌झपर्यंत सगळं संगीत या अस्वस्थ होण्या-हायसं वाटण्यावर चालतं. बर्लिनच्या अरेंजरने हे दिवसातून शंभरदा केलेलं असणार.

शिवरंजनीत म आणि नी दोन्ही नाहीत. म्हणजे तो स्वरसमूह तयारच होत नाही! घरी हार्मोनियम किंवा कीबोर्ड असेल तर करून बघा. सात स्वरांतला एक सोडून एक असे तीन-तीन स्वर जोडायचे झाले, तर या पाच स्वरांतून पुरे असे दोनच जोड निघतात. एक सा-कोमल ग-प, उदास पण स्थिर. दुसरा ध-सा-कोमल ग, लोंबकळता, कुठेच न टेकणारा. तिसरा नाही. इतक्या सामग्रीवर जर्मन पद्धतीची हार्मनी उभी राहत नाही.

या ठिकाणी दोन मोह होतात. पहिला, बाहेरून म-नी आणायचे आणि व्हायोलिनखाली नेहमीची हार्मनी भरायची. मग रागाचा चेहरा जातो. दुसरा, सगळं सोडून द्यायचं आणि एकट्या व्हायोलिनने आलाप करायचा; मग खरखरीत तो विरून जातो आणि ओळखधूनही होत नाही. कॉफमनने खाली तंबोरा ठेवला. तंबोऱ्याचा सा-प. हा एक जोड असा आहे की तो रागदारीलाही मान्य आणि बाखलाही मान्य. त्यात गंधार नाही, त्यामुळे तो उदासही नाही आणि आनंदीही नाही. मग वर व्हायोलिन येतं आणि कोमल गंधार लावतं, आणि सगळ्या सकाळचा रंग त्या एका स्वराने ठरतो. ते व्हायोलिन मेहली मेहतांचं, असं सांगतात.

मला यातलं नवल वाटतं ते एवढंच: ज्याचा धंदाच रिकाम्या जागा भरण्याचा, त्याने इथे जागा रिकामी ठेवली. अरेंजरची परीक्षा तो काय घालतो यावर होते असं आपण समजतो. कॉफमनने काय काय घालायचं टाळलं याची यादी केली तर ती धुनेपेक्षा लांब होईल. खालून धावणारा चेलो नाही, मध्ये घुसणारी बासरी नाही, शेवटाची घोषणा करणारा झांजेचा ठोका नाही. हे संगीत आपल्याला आधी कळलं नव्हतं, हे ज्याला आठवत होतं त्यालाच एवढा संयम जमला असावा.

भारतीय सुरांना वाद्यवृंदाची जोड कशी द्यायची, हा प्रश्न त्या काळी हवेतच होता. दिल्ली रेडिओवर जॉन फोल्ड्स नावाचा इंग्रज संगीतकार याच कामावर होता. लंडनमध्ये तो सुगम संगीतासाठीच प्रसिद्ध होता, म्हणजे कॉफमनचा व्यवसायबंधूच. त्याने भारतीय वादकांचा वाद्यवृंद बांधायचा घाट घातला, पेटीविरुद्ध लेख लिहिला, आणि 1939 मध्ये कलकत्त्याला कॉलऱ्याने अचानक वारला. 1940 मध्ये रेडिओने हार्मोनियमवर खरोखरच बंदी घातली. बंदीची बाजू तशी लंगडी नव्हती. पेटीचे स्वर कारखान्यात ठरतात. व्हायोलिनवर पडदे नसल्यामुळे कोमल गंधार केसभर उतरवता येतो, पेटीवर येत नाही. तरी कोल्हापूर-पुण्याच्या पेटीवाल्यांना तीस वर्षं रेडिओबाहेर ठेवणं हा अतिरेक होता, असं माझं मत. जर्मन कॅफेत शेजाऱ्यांची कामं निमूट करणारं वाद्य इथे गुन्हेगार ठरलं.

स्वातंत्र्यानंतर हीच चर्चा सरकारी झाली. 1952 मध्ये आकाशवाणीचा वाद्यवृंद उभा राहिला, त्याची धुरा रविशंकरांकडे. त्याच वर्षी मंत्रिपदावर आलेल्या बाळकृष्ण केसकरांनी फिल्मी गाण्यांना दार बंद केलं आणि केंद्राकेंद्रावर सुगम संगीताला उत्तेजन दिलं. 1 एप्रिल 1955 ला पुणे केंद्रावरून ‘गीतरामायण’ सुरू झालं ते या वातावरणात. त्याचे संगीतकार बाबूजी; त्यांच्या चालींभोवतीचे वाद्यमेळ पुन्हा ऐकून बघा. किती थोडक्यात काम भागवलं आहे!

कॉफमन तोवर निघून गेला होता. 1946 मध्ये लंडन, मग कॅनडातलं हॅलिफॅक्स, 1948 पासून विनिपेगच्या नव्या सिंफनी ऑर्केस्ट्राचा संचालक, 1957 पासून अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात प्राध्यापक. 1968 मध्ये त्याचं उत्तर हिंदुस्थानी रागांवरचं जाडजूड पुस्तक आलं, 1976 मध्ये दक्षिणेच्या रागांवरचं. सिंफन्या, ऑपेरा, चौकडींसाठीच्या रचना यांचे ढीग त्याने लिहिले. 1984 मध्ये तो वारला तेव्हा त्यातलं फारच थोडं जगाला माहीत होतं. टोरंटोच्या एआरसी आँसांब्लने त्याच्या काही रचना 2020 मध्ये चँडोस कंपनीकडून ध्वनिमुद्रित करून प्रसिद्ध केल्या, तेव्हा कुठे समीक्षकांचं लक्ष गेलं. नागपुरात मात्र त्याची अर्ध्या मिनिटाची धून प्रचंड ताकदीने हवेत जात होती: 1988 मध्ये आकाशवाणीची राष्ट्रीय वाहिनी सुरू झाली ती नागपूरजवळच्या 1000 किलोवॅटच्या प्रक्षेपकावरून, 1566 किलोहर्ट्झवर. रात्री तो आवाज देशभर जायचा.

शिवरंजनीचं पुढे काय झालं, हे सांगितल्याशिवाय गोष्ट पुरी होत नाही. मुंबईच्या स्टुडिओंत अरेंजरची खुर्ची गोव्याच्या लोकांनी घेतली. चर्चमध्ये स्टाफ नोटेशन शिकलेले, व्हायोलिन हातात असलेले हे लोक. मजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस त्यांतले एक. त्यांनी 1958 मध्ये रागदारीवर आधारलेल्या रचना घेऊन ‘इंडियन सिंफनी ऑर्केस्ट्रा’ उभा केला, आणि त्यांच्याकडे शिकलेल्या प्यारेलालने 1977 च्या एका चित्रपटात गुरूचं नाव अमिताभ बच्चनच्या तोंडी घालून अजरामर केलं. शंकर-जयकिशनकडे सेबॅस्टियन डिसोझा होते. त्यांची खासियत अशी की गायक गात असतानाच मागे व्हायोलिनांचा ताफा दुसरीच चाल वाजवतो, आणि दोन्ही एकमेकींना अडवत नाहीत. स्टुडिओत त्याला काउंटर म्हणत. मराठीत ही विद्या अनिल मोहिलेंकडे होती. ‘शिवकल्याण राजा’मधली वाद्यरचना त्यांची.

‘सूरज’ (1966) मधलं वरातीत हमखास वाजणारं ते गाणं शिवरंजनीवर आहे. ‘मेरा नाम जोकर’ (1970) मधलं विदूषकाचं दुःखी गाणंही शिवरंजनीवर. ‘मेहबूबा’ (1976) मधलं किशोरकुमारचं आणि लताबाईंचं, तेही. पाचच स्वर, पण एकात वरात आणि दुसऱ्यात उद्ध्वस्त माणूस. गाणारा मुख्यतः रागात राहतो आणि व्हायोलिनं मधल्या जागांत बाहेरचे स्वर घेऊन येतात. कॉफमनने दूर ठेवलेली युरोपची ओढ इथे मागच्या दाराने आत येते आणि गाणं एकदम रुंद होतं. पंडितांना हे खटकतं. मला नाही खटकत, कारण पडद्यावर माणसं नाचत असतात, रडत असतात, आणि नुसता तंबोरा तिथे पुरला नसता.

नागपुरी लग्नात बँडवाल्यांना ‘सूरज’मधलं गाणं वाजवल्याशिवाय सुटका नाही. ट्रम्पेटवर मुखडा, क्लॅरिनेटवर अंतरा, आणि हातगाडीवर कर्णे लावून कॅसिओ घेतलेला एक पोरगा. नीट ऐकलं तर तो मुखड्याच्या शेवटी प-नी-रे-मचा जोड बिनधास्त दाबतो, शिवरंजनीत जो शोधूनही सापडत नाही तो. कर्ण्यांमुळे फाटकं ऐकू येतं, जनरेटर घरघरतो, नवरदेवाची घोडी बिचकते. पण त्या जोडावरून ट्रम्पेटवाला पुन्हा ‘सा’वर येतो तेव्हा नाचणाऱ्यांचे हात बरोब्बर एकाच वेळी वर जातात.